‘निधी उपलब्ध होताच’ म्हणजे कधी?

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

पत्र मोठं झालं आहे, याची कल्पना आहे. जागेअभावी कापावं लागलं तर मधलं काहीही कापा, शेवटची मागणी तेवढी राहू द्या.

मी कोल्हापूर जिल्ह्यातल्या एका डोंगराळ तालुक्यात राहते. रस्ते-मोऱ्यांची कामं करणारी आमची छोटी फर्म आहे आणि ती २०१४ पासून माझ्या नावावर आहे. आमच्याकडे अशा बऱ्याच फर्म घरातल्या बाईच्या नावावर असतात. साइट ह्यांनी बघायची, हिशेब मी बघायचा, अशी आमची वाटणी. मी बी. कॉम. आहे. मजुरांचं हजेरीपत्रक, डिझेलच्या पावत्या, जीएसटीचं रिटर्न, बँकेचं स्टॉक स्टेटमेंट हे सगळं मी करते. निविदेचे कागद मात्र मी कधी वाचले नव्हते. पेन्सिलीने खूण केलेली असायची, तिथे सही करायची. सप्टेंबर २०२५ मध्ये सरकारकडे थकलेल्या आमच्या बिलासाठी उच्च न्यायालयात आमची याचिका दाखल झाली आणि पहिल्या पानावर ‘याचिकाकर्ती’ म्हणून माझं नाव आलं. त्या रात्रीपासून मी सगळी फाइल पहिल्या पानापासून वाचून काढली. जे वाचलं त्यावरून हे पत्र लिहिते आहे.

काम साधं होतं. मुख्य रस्त्यापासून एका वाडीपर्यंतचा सव्वा किलोमीटरचा रस्ता. वस्तीतलं दोनशे मीटर काँक्रीट, बाकी खडीकरण आणि वर डांबरी कारपेट, मध्ये ओढ्यावर पाइपची मोरी. या वाडीतून पावसाळ्यात आजारी माणूस खाली आणायचा तर घोंगड्याची झोळी करावी लागायची. जानेवारी २०२४ मध्ये कार्यारंभ आदेश मिळाला. लोकसभेची आचारसंहिता लागायच्या आत काम सुरू झालेलं दिसलं पाहिजे म्हणून रोज फोन यायचे. ह्यांनी जादा टोळी बोलावली, जेसीबी दोन पाळ्यांत चालवला. मार्चअखेरीला पहिल्या रनिंग बिलाचे, म्हणजे काम चालू असतानाच्या बिलाचे, ९ लाख आले. मोरी आणि खडीकरण पावसाच्या आत उरकलं, डांबर दिवाळीनंतर पडलं. १० डिसेंबर २०२४ ला काम पूर्ण झालं. आज दूध संघाची गाडी सकाळी सहाला थेट वाडीत जाते. पूर्वी बायका डोक्यावर किटल्या घेऊन फाट्यापर्यंत यायच्या.

जानेवारी २०२५ मध्ये अंतिम मोजमाप झालं तेव्हा मी तिथे होते. ह्यांचा पाय मुरगळला होता, म्हणून टेपचं एक टोक मी धरलं. शाखा अभियंत्यांच्या काखेत मोजमाप पुस्तक होतं. कंत्राटदाराच्या घरात या पुस्तकाला नुसतं ‘एमबी’ म्हणतात आणि त्याचा शब्द अखेरचा मानतात. पानांवर छापील क्रमांक, नोंद शाईने, खाडाखोड चालत नाही. आकडा चुकला तर रेघ मारून शेजारी सही करायची. त्यांनी कारपेट तीन ठिकाणी कापून पट्टीने जाडी मोजली. दोन ठिकाणी ती बरोबर २० मिलिमीटर भरली, एका वळणावर कमी पडली. साहेबांनी ते तिथेच लिहून घेतलं आणि त्या तुकड्याचे ११ हजार ४०० रुपये बिलातून कापले गेले. आम्ही हूं की चूं केलं नाही. कमी पडलं होतं ते कमीच होतं.

ही गोष्ट मुद्दाम सांगते आहे, कारण ‘कंत्राटदार’ म्हटलं की वाचकाच्या डोळ्यांपुढे खड्डा येतो. त्यात लोकांची चूक नाही. पहिल्याच पावसात वाहून जाणारे रस्ते आम्हीही बघतो, त्यावरून आम्हीही पडतो. पण खराब कामाला शिक्षा करायची जागा एमबी आहे. माप कमी भरलं तर पैसे कापा, दर्जा नसेल तर रस्ता उखडून परत करून घ्या, काळ्या यादीत टाका. एकदा मोजून, तपासून, सहीनिशी ‘एवढं देणं लागतो’ असं लिहिल्यावर ते पैसे थांबवल्याने कुठलाच रस्ता सुधारत नाही. उलट वर्षभर पैसे अडकले तरी ज्याला फरक पडत नाही, असा मोठा माणूसच या धंद्यात टिकतो. गावातल्या गावात राहणारा, ज्याला लोक बाजारात गाठून रस्त्याबद्दल जाब विचारू शकतात, असा कंत्राटदार आधी बुडतो.

बिल उपविभागातून विभागात गेलं, लेखा शाखेने तपासलं, पास झालं. एकूण ४६ लाख २० हजार. मग वाट बघायची ती ‘बीम्स’वर, म्हणजे सरकारच्या निधीवाटपाच्या संगणक प्रणालीवर, निधी पडायची. आमच्या धंद्यात ३१ मार्चच्या रात्री कुणी झोपत नाही. त्या वर्षी रात्री अकराला कार्यालयातले सगळे दिवे चालू होते आणि व्हरांड्यात, जिन्यावर, मोटारसायकलींवर कंत्राटदार बसले होते. आमच्या खात्यावर ३ लाख जमा झाले. शेजारी बसलेल्या एकाला निम्मं बिल मिळालं, दुसऱ्याला काहीच नाही. कुणाला किती हे कशावरून ठरलं, याचा कागद कुठेही लावलेला नव्हता. विचारलं तर ‘वरून जेवढं आलं तेवढं वाटलं’ असं उत्तर मिळालं. कुणी खाल्ले असा आरोप मी करत नाही. माझ्याकडे पुरावा नाही. मी एवढंच म्हणते की त्या रात्री ३ लाखच का, हे मला आजही माहीत नाही. ३४ लाख २० हजार तेव्हापासून बाकी आहेत.

हे पैसे आमच्या एकट्याचे असते तर कदाचित मी पत्र लिहिलं नसतं. डांबर रोखीने आणावं लागतं, ते बँकेच्या सीसीतून, म्हणजे कॅश क्रेडिट कर्जातून, आणलं. ३० लाखांची मर्यादा पूर्ण उचललेली आहे. ११ टक्क्यांनी महिन्याला २७ हजार ५०० रुपये नुसतं व्याज जातं. खडी क्रशरवाल्याकडून उधारीवर. डांबर पसरायचा पेव्हर भाड्याचा. आणि मजुरी. आमच्याकडे डांबराच्या कामाला विजापूरकडची टोळी येते. त्यांचा मुकादम अकरा वर्षांपासून आमच्याकडे आहे. गेल्या मे महिन्यात तो घरी आला. त्याच्या मुलीचं लग्न ठरलं होतं, पत्रिका घेऊन आला होता. ओट्यावर बसला, पाणी प्याला, चहा प्याला, पोरांच्या शाळेची चौकशी केली. त्याचे १ लाख ८० हजार आमच्याकडे होते. त्याने एका शब्दाने पैशाचं नाव काढलं नाही. निघताना चप्पल घालता घालता म्हणाला, “अक्का, लग्नाला या. मालकांना घेऊनच या.” तो फाटकाबाहेर गेल्यावर हे बराच वेळ पत्रिका हातात धरून बसून होते. चौथ्या दिवशी आम्ही रोलर विकला. २०१६ मध्ये पहिल्या मोठ्या कामाच्या नफ्यातून घेतलेला आठ टनी रोलर, आमची पहिली स्वतःची मशिनरी. पैसे थेट मुकादमाच्या खात्यावर पाठवले आणि लग्नाला गेलो. आता रोलरही भाड्याने आणावा लागतो.

वेळेत पैसे देण्याबद्दल याच देशाचे कायदे किती काटेकोर आहेत, ते मी हिशेब ठेवते म्हणून मला पाठ आहे. क्रशरवाल्याचं बिल १८० दिवसांत दिलं नाही तर त्यावर घेतलेलं जीएसटीचं क्रेडिट मला व्याजासकट परत करावं लागतं. मी ते केलं. क्रशरवाला सूक्ष्म उद्योगात नोंदलेला आहे. एप्रिल २०२४ पासून लागू झालेल्या आयकराच्या तरतुदीप्रमाणे त्याला ४५ दिवसांत पैसे दिले नाहीत, तर प्रत्यक्ष देईपर्यंत तो खर्च माझ्या हिशेबात धरला जात नाही. म्हणजे सरकारने मला दिले नाहीत, म्हणून मी त्याला देऊ शकले नाही, म्हणून माझा नफा कागदावर फुगला आणि न मिळालेल्या पैशावर मी आयकर भरला. बिलासोबत कर-बीजक मागून घेतलं होतं, त्यामुळे १८ टक्के जीएसटीही इनपुट वजा जाता पुढच्या महिन्याच्या २० तारखेला भरून मोकळी झाले. उशीर केला असता तर त्यावरही व्याज होतं.

आता आमचा करारनामा बघा. बी-१ नमुना, छापील. त्यातल्या कलम २ प्रमाणे आम्हाला उशीर झाला तर नुकसानभरपाई कापून घेतात, अंदाजपत्रकी रकमेच्या १० टक्क्यांपर्यंत. खात्याने पैसे द्यायला उशीर केला तर काय, याचं कलम मी रात्री दोनपर्यंत शोधलं. मला सापडलं नाही. मला वाटलं माझीच नजर चुकली, म्हणून सकाळी ह्यांना वाचायला लावलं. नाहीच. दोषदायित्व कालावधीचं, म्हणजे काम झाल्यावरही ठराविक काळ दुरुस्ती आम्हीच करायची, हे कलम मात्र आहे. जुलै २०२५ च्या पावसात ओढ्याजवळची साइडपट्टी खचली, तेव्हा सात दिवसांत दुरुस्त करा, अन्यथा कारवाई करू, असं पत्र आलं. आम्ही दोन डंपर मुरूम उधारीवर आणून पट्टी भरली. ती जबाबदारी आमचीच होती आणि ते पत्र योग्यच होतं. पण त्याच आठवड्यात, त्याच कार्यालयातून, आमच्या पैशाच्या अर्जावर ‘निधी उपलब्ध नाही’ असं उत्तर आलं होतं.

कोर्टात जाऊ नका, पुढची कामं मिळणार नाहीत, असं आम्हाला खूप जणांनी सांगितलं. त्यात आमचे हितचिंतकही होते. तरी आम्ही वकिलांकडे गेलो. आपल्यासारख्या लहान माणसाला किती दारं आहेत, हे मला तिथे कळलं. दिवाणी दावा लावायचा तर आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची नोटीस देऊन दोन महिने थांबायचं. मग दावा, साक्षीपुरावे, तारखा. निकाल बाजूने लागला तरी सरकारविरुद्धचा हुकूमनामा तीन महिने अंमलात आणता येत नाही. त्यानंतर बेलिफ नेऊन कार्यालयातल्या खुर्च्या-संगणकांची जप्ती. अशा जप्तीच्या बातम्या आपल्याच पेपरात येतात आणि लोकांना त्याची गंमत वाटते. त्या खुर्चीपर्यंत पोचायला त्या माणसाची किती वर्षं गेली असतील, असं आता माझ्या मनात येतं. लवाद म्हणाल तर आमच्या बी-१ च्या कलम ३० प्रमाणे अधीक्षक अभियंत्यांचा निर्णय अंतिम, म्हणजे ज्या खात्याकडे पैसे थकले त्याच खात्याचा अधिकारी न्याय करणार.

मला सगळ्यात आशा होती ती सूक्ष्म-लघु उद्योगांच्या २००६ च्या कायद्याची. आमच्याकडे ‘उद्यम’ नोंदणी आहे, प्रमाणपत्र फ्रेम करून ऑफिसात लावलंय. त्या कायद्यात ४५ दिवसांची मुदत आहे आणि उशीर झाला तर बँक दराच्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ व्याज. वकिलांनी ऐकून घेतलं आणि सांगितलं की बांधकामाच्या कंत्राटाला, म्हणजे वर्क्स कॉन्ट्रॅक्टला, हा कायदा लागू होत नाही, अशी मुंबई उच्च न्यायालयाची भूमिका आहे. खडी विकणाऱ्याला संरक्षण आहे. तीच खडी रस्त्यावर पसरून दाबणाऱ्याला नाही.

उरला तो रिट याचिकेचा रस्ता, घटनेचा अनुच्छेद २२६. कराराच्या भांडणात उच्च न्यायालय सहसा पडत नाही, दिवाणी कोर्टात जा म्हणतं. पण सरकार मनमानी करत असेल तर कराराच्या बाबतीतही रिट चालू शकतं, असं सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००३ मध्ये एबीएल इंटरनॅशनल या कंपनीच्या प्रकरणात सांगितलेलं आहे. वकिलांच्या भाषेत, रक्कम ‘वादातीत’ असली पाहिजे. म्हणजे काम झालं हे सरकारला मान्य, रक्कम मान्य, फक्त दिली नाही. आमचं प्रकरण तसंच आहे असं मला वाटत होतं.

एक चांगलं झालं. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झालं. त्यासाठी इथल्या वकिलांनी आणि पक्षकारांनी चार दशकं आंदोलन केलं. लहानपणापासून मी त्या मोर्चांच्या बातम्या वाचत आले, पण त्याचा माझ्याशी काही संबंध येईल असं कधी वाटलं नव्हतं. मुंबईला जायचं असतं तर आम्ही गेलोच नसतो, हे खरं आहे. सकाळच्या एसटीने निघून सीपीआर दवाखान्यासमोरच्या त्या जुन्या दगडी इमारतीत दहाच्या आत पोचता येतं. सिंधुदुर्गातून, सोलापुरातून आलेली माणसं तिथे डबा उघडून बसलेली दिसतात.

आमची याचिका ऑक्टोबरात निकाली निघाली. आमच्या निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा, असा आदेश झाला. न्यायालयाबद्दल माझी तक्रार नाही. आमच्या जोडपत्रांमध्ये पास झालेल्या बिलाची प्रत नव्हती आणि रक्कम सरकारला मान्य आहे हे दाखवणारा एकही सरकारी कागद आम्ही जोडू शकलो नव्हतो. तरी त्या दिवशी मी पेढे घेतले. घरी सासूबाईंना सांगितलं, कोर्टाने सरकारला आठ आठवडे दिलेत.

आठ आठवडे संपायला दोन दिवस असताना पोस्टाने पाकीट आलं. आत एक पान. ‘मा. उच्च न्यायालयाच्या आदेशानुसार आपल्या निवेदनावर निर्णय घेण्यात आला असून, आपले प्रलंबित देयक रु. ३४.२० लक्ष शासनाकडून निधी उपलब्ध होताच अदा करण्यात येईल.’ खाली सही, शिक्का, जावक क्रमांक. न्यायालयाने निर्णय घ्या म्हटलं होतं, त्यांनी निर्णय घेतला. आदेशाचं पालन झालं. मी ते पान तीनदा वाचलं. ‘होताच’ या शब्दाला तारीख नाही. तो मार्च असू शकतो, त्याच्या पुढचा मार्च असू शकतो.

पण वकिलांनी तेच पान वाचलं आणि जपून ठेवायला सांगितलं. आपल्याला हाच कागद हवा होता, म्हणाले. देणं लागतो हे आता सरकारने स्वतः, सहीनिशी, रकमेसह लिहून दिलं आहे. मुदतीच्या कायद्याप्रमाणे केलेल्या कामाचे पैसे मागायला तीन वर्षं असतात. मुदतीच्या आत अशी लेखी कबुली मिळाली की ती तीन वर्षं कबुलीच्या तारखेपासून नव्याने मोजायची. दरम्यान मी माहितीच्या अधिकारात एमबीच्या पानांच्या साक्षांकित प्रतीही मिळवल्या आहेत, दोन रुपये पानाप्रमाणे. त्यात शाईतली ती नोंद आहे, वळणावरच्या कमी जाडीची आणि ११ हजार ४०० च्या कपातीची. दुसरी याचिका तयार होते आहे.

आता जे लिहायचं आहे ते लिहायला मला जड जातं. जुलै २०२५ मध्ये सांगली जिल्ह्यातल्या एका तरुण कंत्राटदाराने जीवन संपवलं. जलजीवन मिशनच्या कामाचे पैसे अडकले होते, अशा बातम्या आल्या. त्यावर सरकारकडून सांगण्यात आलं की त्याच्या नावावर कंत्राटच नव्हतं, तो पोटकंत्राटदार होता. कागद बघितला तर ते खरं असेलही. पण खोदलेली चर, टाकलेली पाइपलाइन कुणाच्या हातची हे गावाला माहीत असतं. जलजीवन मिशन २०१९ मध्ये सुरू झालं, २०२४ पर्यंत घरोघर नळ द्यायचे होते, आता मुदत २०२८ पर्यंत नेली आहे. मिशनची मुदत चार वर्षांनी वाढवता येते, पण त्यात राबलेल्या माणसाच्या कर्जाच्या हप्त्याची तारीख एका दिवसानेही वाढत नाही. ती बातमी वाचल्यापासून मी ह्यांना साइटवर एकटं पाठवत नाही. कॉलेजला सुट्टी असली की मुलगा बरोबर जातो, नसली की मी जाते. ह्यांना कारण सांगितलेलं नाही. आता हे पत्र छापलं तर कळेल.

राज्यातल्या कंत्राटदार संघटनांनी थकबाकीचा जो आकडा २०२५ मध्ये सांगितला, तो ८९ हजार कोटींचा होता. एवढी थकबाकी एका वर्षात आणि एका कारणाने होत नाही. आमच्या धंद्यात बरेच जण ‘लाडक्या बहिणीं’कडे बोट दाखवतात. मला ते पटत नाही. आमच्या साइटवर खडी पसरणाऱ्या बायकांना ते १५०० रुपये मिळतात आणि त्याचं काय होतं ते मी बघते, त्यातून वह्या-पुस्तकं आणि औषधं येतात. खोट कार्यारंभ आदेशात आहे. तिजोरीत ज्या लेखाशीर्षाखाली, म्हणजे खर्चाच्या ज्या सदराखाली, १०० रुपये ठेवलेत, त्यावर ५०० रुपयांच्या कामांचे आदेश निघाले तर उरलेले ४०० कुणीतरी आपल्या खिशातून घालणारच. ते आम्ही घातले. घर तारण ठेवून आम्ही सरकारला बिनव्याजी कर्ज दिलंय आणि ते कधी फिटणार हे विचारायला आम्हाला कोर्टात जावं लागतं. नगरपालिकेला ‘पैसे नाहीत’ ही सबब सांगता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने रतलामच्या प्रकरणात १९८० मध्येच म्हटलं होतं. तिथे प्रश्न गटारं आणि स्वच्छतागृहांचा होता, आमच्यासारख्या बिलांचा नव्हता. पण जबाबदारी मान्य करून झाल्यावर ‘पैसे नाहीत’ हे उत्तर होऊ शकत नाही, एवढं मला त्यातून कळतं.

आमच्यासारख्या हजारो लोकांनी एकेक करून न्यायालयात जायचं, प्रत्येकाने स्वतंत्र वकील लावायचा, सरकारने प्रत्येकाला सरकारी वकील लावून उत्तर द्यायचं, आणि शेवटी सगळ्यांना तेच एक वाक्य मिळायचं. यात न्यायालयाचा वेळ जातो आणि सरकारचे पैसेही जातात, ज्या पैशातून दोन-चार लहान बिलं भागली असती. ज्याच्याकडे वकिलाला द्यायला पैसे आहेत तो रांगेत पुढे सरकतो. आमच्या शेजारच्या तालुक्यातल्या मजूर सहकारी संस्थेचं ६ लाखांचं बिल थकलंय. ते कोर्टात गेलेले नाहीत, जाणारही नाहीत. त्यांचे पैसे आमच्यानंतर यावेत, हे मला नको आहे. त्यांचं बिल आमच्या आधी पास झालेलं आहे.

म्हणून माझी मागणी एकच आहे. प्रत्येक विभागीय कार्यालयाने पास झालेल्या, पण न दिलेल्या बिलांची यादी फलकावर आणि संकेतस्थळावर लावावी. बिल पास झाल्याची तारीख, लेखाशीर्ष, रक्कम आणि दिलेली रक्कम, एवढे चार रकाने पुरेत. निधी आला की त्या यादीच्या क्रमाने द्यावा. क्रम मोडायचा असेल, दरड कोसळली, पूल वाहून गेला, तर जरूर मोडावा, पण कारण त्याच यादीत लिहावं. आणि ज्या लेखाशीर्षाखाली जुनी बिलं पडून आहेत, त्याखाली नवे कार्यारंभ आदेश तोवर काढू नयेत. याला नवा कायदा लागत नाही, पैसाही लागत नाही. ही माहिती कार्यालयातल्या रजिस्टरमध्ये आजही आहे, फक्त ती कपाटात असते. यादी लागली तर ३१ मार्चच्या रात्री जिन्यावर बसायची गरज उरणार नाही. आपला क्रमांक किती आणि पुढे किती जण आहेत हे कळलं तर मी बँकेला, क्रशरवाल्याला, माझ्या नवऱ्याला काहीतरी सांगू शकेन.

अशी यादी मिळावी म्हणून मी आमच्या विभागीय कार्यालयात माहितीच्या अधिकाराखाली अर्ज केला आहे, १ एप्रिल २०२४ पासून पास झालेल्या सगळ्या बिलांसाठी. दहा रुपयांचा स्टॅम्प लावलाय, पोच घेतली आहे. तीस दिवस पुढच्या मंगळवारी पूर्ण होतात. यादी हाती आली की तिची प्रत आपल्याकडे पाठवते. जागा कमी असली तरी तारखांचा रकाना तेवढा छापावा, ही विनंती.

आपली,
एक वाचक, जि. कोल्हापूर

(दुसरी याचिका दाखल व्हायची असल्याने नाव व गाव प्रसिद्ध करू नये.)